भाजणीचा किलो कितीला पडला?

आज कागद-पेन्सिल जवळ घेऊन बसा. चुलीवर काही असेल तर आधी उतरवून ठेवा, कारण आज थोडी आकडेमोड आहे. शाळेच्या पुस्तकात याला मिश्रणाची उदाहरणं म्हणतात. अमुक भावाचा तांदूळ आणि तमुक भावाचा तांदूळ मिसळला, तर मिश्रणाचा भाव काय? परीक्षा झाली की आपण ही उदाहरणं विसरून जातो. पण बचत गटाचा मसाला, भाजणी, लाडू, चटणी हे सगळं मिश्रणच असतं. तिथे हे गणित चुकलं की मार्क जात नाहीत, पैसे जातात.

एक उदाहरण घेऊ. भाव मी हिशेबापुरते धरलेत, तुम्ही आपापल्या बाजाराचे घाला.

समजा, सोमेश्वरनगरच्या एका गटाने शेंगदाण्याचे लाडू करायचं ठरवलं. श्रावणात करंज्याला सोमेश्वराच्या दर्शनाला सोमवारी गर्दी असते, उपवासाचे लाडू हातोहात जातील असा विचार. शेंगदाणे १३० रुपये किलो, गूळ ५० रुपये किलो. दोन किलो दाण्यांना एक किलो गूळ हे प्रमाण. भाव काढायला बसल्यावर कुणीतरी म्हणालं, १३० आणि ५० मिळून १८०, वस्तू दोन, म्हणजे किलो ९० रुपयांना पडला. त्यावर १० रुपये नफा धरू. भाव ठरला १०० रुपये किलो. ३० किलो लाडू केले, सगळे खपले, गल्ल्यात ३००० रुपये जमले. सगळ्या खूश.

आता खर्चाची बाजू बघा. २० किलो दाणे, १३० रुपयांनी २६०० रुपये. १० किलो गूळ, ५० रुपयांनी ५०० रुपये. एकूण ३१०० रुपये. म्हणजे नफा धरूनसुद्धा १०० रुपये घरातून गेले, आणि दाणे भाजणाऱ्या, सोलणाऱ्या, लाडू वळणाऱ्या बायांची मजुरी शून्य. या तोट्याचं वाईट असं की तो माल पडून राहिल्यामुळे झालेला नाही, माल खपल्यामुळे झालाय. पुढच्या सोमवारी ६० किलो खपले, तर २०० रुपये जातील.

चूक कुठे झाली? १३० आणि ५० यांची सरासरी काढली तेव्हा दाणे आणि गूळ सारखेच आहेत असं धरलं गेलं. प्रत्यक्षात दाणे दुप्पट आहेत. महाग वस्तू जास्त आहे, मग मिश्रणाचा भाव महाग वस्तूकडे झुकणारच. खरा भाव ३१०० भागिले ३०, म्हणजे १०३ रुपये ३३ पैसे.

हे आपल्याला एरवी चांगलं कळतं. आपल्या घरी उसाचं बिल येतं. कारखान्याच्या गव्हाणीत सगळ्यांचा ऊस एकत्र पडतो, आणि एफआरपी ठरते ती कारखान्याच्या सरासरी साखर उताऱ्यावर. आता समजा, २० टन ऊस १२ टक्के उताऱ्याचा आणि ५ टन ऊस १० टक्के उताऱ्याचा आला. सरासरी उतारा ११ म्हणाल का? २० टनांतून २.४ टन साखर निघेल, ५ टनांतून अर्धा टन. एकूण २.९ टन साखर, ऊस २५ टन. उतारा पडला ११.६ टक्के. ज्याचा ऊस जास्त, त्याचा उतारा सरासरीला आपल्याकडे ओढतो. हे आपल्या घरातली पुरुष मंडळी पारावर बसून तोंडी सांगतात. लाडवांचा हिशेब याहून वेगळा नाही, आणि तो आपल्याला पारावर बसल्याशिवायही जमतो.

तर नियम एवढाच: भावांची बेरीज कधी करायची नाही. भाव म्हणजे एका किलोचे पैसे. बेरीज करायची ती रुपयांची. दुसरी बेरीज किलोंची. मग रुपयांना किलोंनी भागायचं.

आता भाजणी घेऊ, कारण तिच्यात जिन्नस जास्त आणि गोंधळही जास्त. थालीपिठाची भाजणी प्रत्येक घरची वेगळी, तेव्हा माझ्या प्रमाणावरून भांडू नका. ऐकणाऱ्यांना लिहून घ्यायला जमावं म्हणून सावकाश सांगते. छापताना हे ओळीने मांडलंय.

बाजरी ४ किलो, भाव ३२, पैसे १२८.
ज्वारी ४ किलो, भाव ४०, पैसे १६०.
तांदूळ २ किलो, भाव ४५, पैसे ९०.
हरभरा डाळ २ किलो, भाव ९०, पैसे १८०.
उडीद डाळ १ किलो, भाव १२०, पैसे १२०.
धणे अर्धा किलो, भाव १४०, पैसे ७०.
जिरे पाव किलो, भाव ३२०, पैसे ८०.

किलोंची बेरीज पावणेचौदा, म्हणजे १३.७५. रुपयांची बेरीज ८२८. ८२८ ला १३.७५ ने भागलं की ६० रुपये २२ पैसे.

आता गंमत बघा. नुसत्या भावांची बेरीज करून सातने भागलं असतं तर? ३२, ४०, ४५, ९०, १२०, १४०, ३२० यांची बेरीज ७८७, भागिले सात, साधारण ११२ रुपये. खऱ्या भावाच्या जवळजवळ दुप्पट! लाडवांत चुकीच्या हिशेबाने भाव कमी निघाला होता, इथे जास्त निघाला. कारण इथे महाग जिन्नस थोडे आहेत. पाव किलो जिऱ्याला चार किलो बाजरीच्या बरोबरीचा पाट मांडून दिला, दुसरं काही नाही. हा भाव लावून गट पुण्याला भीमथडी जत्रेत स्टॉल मांडून बसला, तर शेजारचा गट विकून मोकळा होईल आणि आपली पाकिटं परत येतील. मग आपण म्हणणार, लोकांना चांगल्या मालाची किंमत नाही.

कॅल्क्युलेटर वापरताना एक जपा. पाव किलो म्हणजे ०.२५, अर्धा किलो ०.५, पाऊण किलो ०.७५. कुणी २५० गुणिले ३२० करून बसते आणि ऐंशी हजार रुपयांचं जिरं निघतं. तेव्हा हसू येतं म्हणून चूक सापडते. पण ०.२५ ऐवजी २.५ दाबलं तर ८०० येतात, आणि ते खरे वाटू शकतात. म्हणून प्रत्येक ओळ लिहिली की मनाशी विचारायचं: एवढ्याला एवढे पैसे दुकानात दिले असते का?

पायलीचंही सांगायला हवं. अजून पुष्कळ घरांत भाजणीचं माप पायली-शेरात तोंडपाठ असतं. दोन पायल्या बाजरी, एक पायली तांदूळ, मापटंभर उडीद. सासूबाईंचं प्रमाण बरोबरच आहे, चवीला त्यात खोट नाही. पण चार शेरांची पायली हे जागेचं माप आहे, वजनाचं नव्हे. एक पायली बाजरी आणि एक पायली धणे यांचं वजन सारखं भरत नाही. धणे हलके, फुगीर. बाजार किलोने चालतो, तेव्हा एकदाच प्रत्येक जिन्नसाचं एक माप भरून काट्यावर ठेवा, वजन वहीत लिहा. सासूबाईंचं प्रमाण एका कागदावर किलोत उतरलं की कायमचं काम झालं.

भावातली अजून एक फसवी जागा म्हणजे "सारखे पैसे". तांदूळ ६० रुपये किलो आणि उडीद १२० रुपये किलो. एक-एक किलो आणून मिसळलं तर दोन किलोंचे १८० रुपये, किलो ९० ला पडला. पण एकीने १२० रुपयांचे तांदूळ आणले आणि दुसरीने १२० रुपयांचे उडीद, तर तांदूळ आले दोन किलो, उडीद एक किलो. तीन किलोंचे २४० रुपये, किलो ८० ला पडला. सारखं वजन आणि सारखे पैसे या दोन निराळ्या गोष्टी आहेत. यावर बेतलेलं भांडण पुढे येणार आहे, तेव्हा लक्षात ठेवा.

आता लाडवांकडे पुन्हा वळू, कारण तो हिशेब अजून पूर्ण नाही. २० किलो दाणे आणले, निवडले, भाजले, सोलले. खडा, किडका दाणा, टरफल, भाजताना उडालेला ओलावा, सगळं गेलं. समजा १८.५ किलो हातात राहिले. त्यात १० किलो गूळ, लाडू झाले २८.५ किलो. पैसे मात्र ३१०० च गेलेत. व्यापाऱ्याने टरफलाचे पैसे परत दिलेले नाहीत. म्हणून भागायचं ते आणलेल्या वजनाने नाही, विकायला उरलेल्या वजनाने. ३१०० भागिले २८.५, म्हणजे १०८ रुपये ७७ पैसे. ९० वाटला होता तो १०८ च्या वर गेला, अजून गॅस धरलेला नाही. घट किती येते ते अंदाजाने सांगू नका. दरवेळी दोन आकडे लिहा, चढवलं किती आणि उतरलं किती. चार खेपांनी तुमच्या गटाची घट तुम्हालाच कळेल.

इथवर झालं सरळ गणित. प्रमाण माहीत, भाव माहीत, मिश्रणाचा भाव काढायचा. आता उलटं. मिश्रणाचा भाव आधीच ठरलाय, प्रमाण काढायचंय. हा प्रश्न चटणीच्या दिवसांत येतो. उन्हाळ्यात वर्षाची चटणी कांडून ठेवायची, कांदा-लसूण मसाला करायचा, तेव्हा मिरची दोन-तीन प्रकारची लागते. ब्याडगी रंगाला. ती कर्नाटकातल्या हावेरी जिल्ह्यातल्या ब्याडगी गावाच्या नावाने ओळखली जाते. लवंगी तिखटाला. समजा ब्याडगी ३०० रुपये किलो, लवंगी १८० रुपये किलो. गिऱ्हाइकाला परवडेल असा मसाला करायचा, तर मिरचीचा सरासरी भाव २२० च्या वर जाता कामा नये. कोणती किती घ्यायची?

पुस्तकात इथे एक्स आणि वाय येतात. आपल्याला त्यांची गरज नाही. देण्या-घेण्याचा हिशेब करू. २२० हा आपला ठरलेला भाव. एक किलो लवंगी घेतली की १८० च लागले, ४० रुपये वाचले. एक किलो ब्याडगी घेतली की ३०० लागले, ८० रुपये जादा गेले. जादा गेलेले ८० भरून काढायला ४०-४० रुपये वाचवणारी लवंगी किती किलो लागेल? दोन किलो. म्हणून एक किलो ब्याडगीला दोन किलो लवंगी. ताळा करून बघा: दोन किलो लवंगी ३६०, एक किलो ब्याडगी ३००, मिळून ६६०. किलो तीन. ६६० भागिले ३ म्हणजे २२०. जमलं.

झटपट करायचं असेल तर दोन फरक काढायचे. ब्याडगीचा फरक ८०, लवंगीचा ४०. आणि मग उलटे वाटायचे: ब्याडगीचा फरक ८० तो लवंगीला, लवंगीचा फरक ४० तो ब्याडगीला. लवंगी ८० भाग, ब्याडगी ४० भाग, म्हणजे दोनास एक. उलटं का, हे वर सांगितलंय. जी वस्तू ठरलेल्या भावापासून लांब, तिचा एकेक किलो भारी पडतो, म्हणून ती थोडी घ्यावी लागते. कारण न समजता नुसती फुली मारून पाठ केलं तर कधीतरी उलट-सुलट होईल, आणि मसाल्यात दोन भाग ब्याडगी जाईल. मिश्रणाचा भाव मग २६० पडतो. म्हणून ताळा केल्याशिवाय कांडपावर जायचं नाही.

तीन मिरच्या असतील तर? संकेश्वरी घालायची आहे, ती समजा २६० रुपये. तिचे किलोमागे ४० जादा, म्हणजे एक किलो लवंगी तिला पुरते. ब्याडगीला दोन किलो लवंगी लागते. दोघींचं मिळून: ब्याडगी एक, संकेश्वरी एक, लवंगी तीन. पैसे ३००, २६० आणि ५४०, मिळून ११००, किलो पाच, भाव २२०. पण हे एकच उत्तर नाही. संकेश्वरी दोन किलो घेतली आणि तिच्यासाठी लवंगी अजून एक किलो वाढवली, तरी भाव २२० च राहतो. तीन वस्तू झाल्या की गणित पुष्कळ उत्तरं देतं आणि बाजूला होतं. त्यातलं कोणतं घ्यायचं ते जीभ ठरवते. दोन-तीन नमुने थोडे थोडे कांडून बघा, मग ठरवा.

आणि एक ओळखून ठेवा. १८० ची आणि ३०० ची मिरची कशीही मिसळा, मिश्रण १८० च्या खाली कधीच जाणार नाही. दोन भावांच्या मधेच कुठेतरी पडणार. मग अख्खी मिरची १८० ने विकली जात असताना बाजारात कुणी १५० ने चटणी विकत असेल, तर त्यात तिसरं काहीतरी आहे. विटेची भुकटी, भुसा, रंग यांतलं काही असू शकतं. चमचाभर तिखट पेल्यातल्या पाण्यावर सोडून बघा. रंगाच्या रेघा लगेच खाली उतरायला लागल्या तर कृत्रिम रंगाचा संशय घ्या, तळाशी बसलेला गाळ बोटांत चोळून करकरीत लागला तर विटेचा. त्या भावाशी आपल्याला स्पर्धा करायची नाही, करूही शकत नाही. दोन मिरच्या मिसळणं म्हणजे भेसळ नव्हे, पण मिसळून वर चिठ्ठी "शुद्ध ब्याडगी" अशी लावली तर ती फसवणूकच. "मिरची पूड" लिहा.

हे गणित नवं नाही हो. भास्कराचार्यांनी लीलावती लिहिली ११५० साली, म्हणजे पावणेनऊशे वर्षांपूर्वी. चाळीसगावजवळच्या पाटण्याला त्यांच्या नातवाच्या, चांगदेवाच्या, वेळचा १२०७ चा शिलालेख आहे. आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला, असं त्यात कोरलंय. त्या लीलावतीत एक वाटसरू वाण्याच्या दुकानी येतो. त्याच्या हातात तेरा काकिणी आहेत. काकिणी म्हणजे त्या वेळचं बारकं नाणं, चौसष्ट काकिणींचा एक द्रम्म. एका द्रम्माला तांदूळ साडेतीन मापं आणि मूग आठ मापं मिळतात. वाटसरू म्हणतो, दोन भाग तांदूळ आणि एक भाग मूग दे, लवकर दे, आम्हाला जेवून निघायचंय, तांडा पुढे जाईल. आपण ओळखलंच असेल, त्याला खिचडी टाकायची आहे.

बिचारा वाणी! गिऱ्हाईक घाईत, आणि हिशेब अपूर्णांकाचा. उत्तर येतं तांदूळ सात-बारांश माप आणि मूग सात-चोवीसांश माप. सात-बारा ऐकून दचकू नका, जमिनीचा नाही, बारा भागांतले सात. तांदळाचे दहा आणि दोन-तृतीयांश काकिणी, मुगाचे दोन आणि एक-तृतीयांश. मिळून तेरा. त्या उदाहरणात मूग तांदळापेक्षा स्वस्त आहे, निम्म्याहूनही कमी भावाचा. आज मुगाची डाळ आणताना हे आठवलं की जीव हळहळतो.

आपण तीच खिचडी आजच्या भावाने करू. तांदूळ ४५, मूगडाळ ११०, खिशात १०० रुपये, प्रमाण दोनास एक. आधी एक पूर्ण घास धरायचा: दोन किलो तांदूळ ९०, एक किलो डाळ ११०, मिळून २००. आपल्याकडे १००, म्हणजे निम्मे. मग सगळंच निम्मं: तांदूळ एक किलो, डाळ अर्धा किलो. ४५ आणि ५५, शंभर. अंगणवाडीच्या सहलीचा किंवा सप्ताहाच्या पंगतीचा बाजार ठरलेल्या पैशांत बसवायचा तो असाच. आधी प्रमाणाचा एक घास, मग पैसे त्याच्या किती पट आहेत ते बघायचं.

उरलेल्या मालाचा प्रश्नही याच घरातला. गेल्या खेपेचा १२ किलो मसाला शिल्लक आहे, तो ४२० रुपयांनी पडला होता. यंदा मिरची उतरली, नवा मसाला ३३० ने पडतोय. दोन्ही मिसळून ३९० ने पडणारा माल करायचा, तर नवा किती घालावा? जुन्याचे किलोमागे ३० जादा, १२ किलोंचे ३६०. नव्याचा एक किलो ६० वाचवतो. ३६० भागिले ६०, सहा किलो. मात्र जुना मसाला वासाने, रंगाने उतरलेला असेल तर मिसळू नका. सहा किलो चांगला माल खराब होईल, ते या हिशेबात कुठे दिसत नाही.

आता ते भांडण. पुष्कळ गटांत भांडवल पैशांत नसतं, जिन्नसांत असतं. एकीने घरची बाजरी १० किलो आणली. दुसरीने हरभरा डाळ ४ किलो. तिसरीने उडीद डाळ २ किलो. माल झाला १६ किलो, दळून विकला, सगळ्यांच्या जिन्नसांचे पैसे फिटून ४६० रुपये वर राहिले. वाटायचे कसे? बाजरीवाली म्हणते, १६ पैकी १० किलो माझे. किलोवर वाटले तर तिला २८७ रुपये ५० पैसे, डाळवालीला ११५, उडीदवालीला ५७ रुपये ५० पैसे. उडीदवाली उठून जाणार, आणि तिचं चुकत नाही. भाव लावून बघा: बाजरी ३२० रुपयांची, हरभरा डाळ ३६० रुपयांची, उडीद २४० रुपयांची, मिळून ९२०. नफा त्याच्या निम्मा आहे, मग प्रत्येकीला आपापल्या रकमेच्या निम्मे: १६०, १८० आणि १२०. जिची डाळ वजनाने चार किलो, तिचा वाटा सगळ्यांत मोठा. हे आधी सांगितलं तर पटतं. पैसे हातात आल्यावर सांगितलं तर कुणालाच पटत नाही. म्हणून जिन्नस घेतानाच त्या दिवसाचा बाजारभाव वहीत लिहा, सगळ्यांसमोर. आणि मजुरी यात मिसळू नका. जी चार तास बसली तिचे चार तास, जी आलीच नाही तिचे शून्य. मजुरी आधी काढायची, नफा त्यानंतर उरेल तो.

शेवटी भाजणीचं पाकीट पूर्ण करू. १३.७५ किलो जिन्नस ८२८ रुपयांचे. निवडून, भाजून १३ किलो राहिले. दळणाचे ८ रुपयांनी १०४. गॅस ६०. अर्ध्या किलोच्या २६ पिशव्या, ४ रुपयांनी १०४. मजुरी ३००. सगळं मिळून १३९६. भागिले १३, किलो १०७ रुपये ३८ पैसे, म्हणजे अर्ध्या किलोचं पाकीट ५३ रुपये ६९ पैशांना पडलं. ६५ ला विकलं तर पाकिटामागे ११ रुपये ३१ पैसे सुटतात. हे स्वतः स्टॉलवर विकलं तर. दुकानात ठेवलं आणि दुकानदाराने १५ टक्के घेतले, तर ६५ मधले ९ रुपये ७५ पैसे त्याचे. आपल्याला राहिला दीड रुपया. हा आकडा बघून भाव वाढवायचा, प्रमाण बदलायचं की दुकानच बदलायचं, ते गटाच्या बैठकीत ठरवा. पण आकडा आधी काढा, दुकानदाराला होकार त्यानंतर. पाकिटावर वजन आणि किंमत तर छापतोच, २०२२ पासूनच्या नियमांप्रमाणे एका ग्रॅमला किती पडतं हेही छापायचं असतं. ६५ भागिले ५००, म्हणजे ग्रॅमला १३ पैसे.

जाता जाता तुम्हाला एक उदाहरण घालते. संक्रांतीला तिळाचे लाडू करायचे आहेत. तीळ २०० रुपये किलो, गूळ ५० रुपये किलो. घट, गॅस बाजूला ठेवा. १० किलो मिश्रण करायचं आणि ते ११० रुपये किलोने पडायला हवं. तीळ किती, गूळ किती? गटात बसून करा, उत्तर मला विचारू नका. तिळाचे पैसे आणि गुळाचे पैसे मिळून बरोबर ११०० रुपये झाले, आणि दोन्हींचं वजन १० किलो भरलं, की समजा आलं.